नट म्हणजे तू नक्की करतोस काय? (बेळगाव–अंधेरी–बेळगाव)

चित्ररथवाला | रविवार, रात्री ११:१०

परवा शहापुरात एका लग्नाच्या पंगतीला बसलो होतो. शेजारच्या काकांनी पुरीचा घास तोंडात असतानाच विचारलं, "तू अ‍ॅक्टर न्हवं? मग हल्ली कशात दिसंनास ते?" म्हटलं, काम चालू आहे की काका. "खरं कशात?" पुढ्यात मठ्ठा वाढणारा पोरगा उभा, मागं पुढच्या पंगतीची माणसं खुर्चीची पाठ धरून उभी. एवढ्यात सांगून होण्यासारखं उत्तर नव्हतं. "असंच, इकडं तिकडं," म्हटलं आणि जिलबी घेतली. ते राहिलेलं उत्तर इथं लिहितोय.

(बाहेरच्या वाचकांसाठी: आमच्याकडं 'खरं' म्हणजे 'पण'. या एका शब्दानं माझं पुढं काय केलं ते येईलच.)

गेला महिना सांगतो. दोन दिवस डबिंग केलं, तेही घरच्या कपाटात गाद्या लावून. बायको बाहेर कुकरच्या शिट्ट्या होऊ नयेत म्हणून राखणीला. एका ट्रॅक्टर विक्रेत्याच्या मेळाव्याचं सूत्रसंचालन केलं, अर्धं मराठी अर्धं कन्नड. चिकोडीकडच्या एका शाळेत शिक्षकांना दोन दिवस खेळ शिकवले. एका पतसंस्थेच्या माहितीपटात कर्ज बुडवणारा झालो. त्यांना माझा चेहरा बघताक्षणी पसंत पडला, त्याचा अर्थ तुम्हीच लावा. एका वैद्यकीय महाविद्यालयात दोन सकाळी पोट धरून आडवा पडलो, त्याचे पैसे मिळतात, खाली सांगतो. आणि शनिवारी आमच्या इम्प्रोव्हचा, म्हणजे संहितेशिवाय ऐनवेळी उभ्या करायच्या नाटकाचा, प्रयोग. प्रेक्षक ४३, पैकी ११ नात्यातले.

यातलं काकांना 'दिसणार' काय? काही नाही. घरखर्च मात्र सगळा यातूनच चालतो.

सुरुवात चित्ररथावर झाली, म्हणून हा आयडी. बेळगावची वैशाखातली शिवजयंती ज्यांनी पाहिली नाही त्यांना एवढं सांगतो, की मिरवणूक संध्याकाळी निघते आणि उजाडेपर्यंत चालते. ट्रॅक्टरच्या ट्रॉलीवर मंडळं सजीव देखावे करतात. संवाद आधी रेकॉर्ड केलेले, आम्ही फक्त ओठ हलवायचे आणि तलवारी. चौकाचौकात ट्रॉली थांबते, कर्णा वाजतो, देखावा होतो, की पुढं.

आमच्या मंडळाचं त्या साली 'आग्र्याहून सुटका' होतं. मी अकरावीत, पेटारे तपासणारा मोगल पहारेकरी. दाढी सुतळीची, रंगवलेली. मध्यरात्र उलटून गेली असेल, खडेबाजारात ट्रॉली थांबली, जनरेटर नीट चालू होता आणि कॅसेट अडकली. "पेटाऱ्यात का-का-का" एवढं झालं आणि घरघर करून गप्प. खाली हीऽऽ गर्दी. वर सात जण पुतळ्यासारखे. पेटारा खांद्यावर घेतलेला आमचा भाजी मार्केटातला दोस्त, त्याचा हात भरून आला होता, तो माझ्याकडं बघून डोळ्यांनीच म्हणत होता, काहीतरी कर बाबा.

मी भाला आपटला आणि घसा फाडून ओरडलो, "पेटाऱ्यात काय हाय रेऽऽ?"

तो म्हणाला, "कुंदा हाय सरकार! कॅम्पातला!" (बाहेरच्यांसाठी: कुंदा म्हणजे आमची बेळगावची दुधाची मिठाई.)

खाली जो हशा उसळला त्यानं माझं शिक्षण संपलं. मी म्हटलं, "मग दाखव उघडून!" तो म्हणाला, "झाकण काढलं की मुंग्या लागत्यात सरकार, आग्र्याच्या मुंग्या लै हावरट." आता पहारेकरी म्हणून मी पेटारा उघडला तर इतिहास बदलतो. उघडायचा नाही तर कारण पाहिजे. मी नाकाजवळ नेला, खोल वास घेतला, डोळे मिटले आणि म्हणालो, "जाऊ दे रे, मला साखर हाय." पेटारा गेला. शिट्ट्या.

मंडळाचे अध्यक्ष ट्रॉलीवर चढून आले आणि माझी कानउघाडणी केली: महाराजांच्या देखाव्यात चेष्टा करतोस? मान खाली घालून उभा राहिलो. पुढच्या चौकात कॅसेट दुरुस्त झाली, संवाद व्यवस्थित वाजले. पाठोपाठ आलेली पोरं खालून ओरडायला लागली, "कुंदा! कुंदा!" तिसऱ्या चौकाआधी अध्यक्ष परत वर आले, इकडं तिकडं बघत म्हणाले, "ते कुंद्याचं तेवढं ठेवा."

बीकॉम झाल्यावर अंधेरीला गेलो. वर्सोव्याजवळच्या आराम नगरात जुन्या बैठ्या बंगल्यांतून ऑडिशनची ऑफिसं आहेत. एका दारातून बाहेर, दुसऱ्या दारात आत, हातात तोच शर्ट. कॅमेऱ्यासमोर नाव, उंची, डावा चेहरा, उजवा चेहरा. मग संवाद. पहिल्याच मराठी मालिकेच्या ऑडिशनला वाक्य होतं, "मी येणार होतो, पण बस चुकली." मी म्हटलं, "मी येणार होतो खरं बस चुकली." कॅमेऱ्यामागचा पोरगा म्हणाला, "हे 'खरं' कुठून आलं?" मी म्हटलं, बेळगावहून. ती भूमिका गेली. खरं त्याच पोरानं महिन्याभरानं फोन केला: गावाकडचा गडी पाहिजे, ते तुझं 'खरं' घेऊन ये.

नऊ वर्षं राहिलो. हवालदार किती वेळा झालो मोजलं नाही. मेलेला माणूस चार वेळा, त्यात एकदा चितेवर डास चावला तरी हललो नाही, हे माझं सर्वोत्तम काम. जाहिरातीत एकदा बँकेच्या रांगेत तिसरा होतो. पैसे नव्वद दिवसांनी मिळतात हा तिथला रिवाज, चेक येईपर्यंत भूमिका आपण विसरलेले असतो. एका निर्मात्यानं नव्वदाचे चौदा महिने केले, शेवटी निम्मे दिले आणि वर म्हणाला, "बाकीचे पुढच्या प्रोजेक्टमध्ये अ‍ॅडजस्ट करू." पुढचा प्रोजेक्ट आला, त्यात मी नव्हतो.

इम्प्रोव्ह तिथंच भेटलं. रविवारी एका तळघरात काही जण जमायचे. संहिता नाही, दिग्दर्शक नाही. समोरचा जे म्हणेल ते मानायचं आणि त्यात आपली एक भर घालायची. मला पहिल्याच दिवशी वाटलं, हे तर ट्रॉलीवरचं आहे! त्यांच्याकडं याला खेळांची नावं होती, पुस्तकं होती, शिक्षक होते. आमच्याकडं अडकलेली कॅसेट होती.

---

निपाणीची_नात | रविवार, रात्री ११:५२

आग्र्याच्या हावरट मुंग्या! झोपलेल्या नवऱ्याला उठवून वाचून दाखवलं.

---

पुणेरी_शंका | सोमवार, सकाळी ७:३०

लेख छान. एक शंका. इम्प्रोव्ह म्हणजे ते स्टँडअपच ना? माइक घेऊन बायकोवर विनोद करतात ते?

---

चित्ररथवाला | सोमवार, सकाळी ९:०५

नाही हो. स्टँडअपवाला एकटा असतो आणि त्याचा शब्द न् शब्द घासून आणलेला असतो. सहज बोलतोय असं वाटतं तेच त्याचं कसब. इम्प्रोव्हमध्ये निदान दोघं लागतात आणि हातात काही नसतं. प्रेक्षकांकडून एक शब्द घ्यायचा, एखादी जागा, एखादं नातं, आणि तिथून प्रसंग उभा करायचा.

याची आजी म्हणजे शिकागोच्या व्हायोला स्पोलिन. स्थलांतरित आणि गरीब वस्त्यांतल्या मुलांबरोबर काम करताना त्यांनी हे नाट्यखेळ बसवले. मुलांच्या घरच्या भाषा निरनिराळ्या, 'असा अभिनय कर' म्हणून सांगून कळणार नाही. खेळायला लावलं की आपोआप जमतं. त्यांचं पुस्तक १९६३ चं. मुलगा पॉल सिल्स, त्यानं आणि सोबत्यांनी १९५९ साली शिकागोत 'सेकंड सिटी' सुरू केलं, तिथून पुढं अमेरिकेतले विनोदी नट रांगेनं निघाले. डेल क्लोज नावाच्या माणसानं लांब पल्ल्याचा प्रकार रुजवला, त्याचं नाव 'हॅरॉल्ड'. एका शब्दावरून सुरू करून अर्धा तास, आणि सुरुवातीला सोडून दिलेले धागे शेवटी एकमेकांत अडकतात. जमलं तर अंगावर काटा येतो. नाही जमलं तर प्रेक्षक मोबाईल काढतात, स्टेजवरून तो उजेड चेहऱ्यावर स्पष्ट दिसतो.

दुसरे कीथ जॉनस्टन, इंग्लंडचे, पुढं कॅनडात कॅलगरीला गेले. त्यांचं मला फार आवडतं कारण त्यांना 'थिएटरस्पोर्ट्स'ची कल्पना कुस्तीच्या फडावरून सुचली. व्यावसायिक कुस्तीला लोक कसे ओरडतात, उठून उभे राहतात, आणि नाटकाला तेच लोक हाताची घडी घालून का बसतात, हे त्यांना खुपायचं. म्हणून दोन संघ, पंच, गुण. बेळगावच्या माणसाला हे समजावून सांगावं लागत नाही.

---

घाटमाथा | सोमवार, दुपारी १:२०

मी खानापूर तालुक्यातला, आमचं गाव जंगलाच्या कडेला, पाव्हणे अर्धे सावंतवाडीकडं. तुमच्या शिकागोच्या आजीला आमचा दशावतार दाखवायला पाहिजे होता.

कोकणातली कंपनी येते, देवळात उतरते. संध्याकाळी रंग लावता लावता मालक सांगतो, आज अमुक आख्यान. तू राजा, तू राक्षस, तू नारद. कागद नाही. कोण कधी येणार, कुठं युद्ध, कुठं विलाप एवढं ठरलं की झालं. बोलणं सगळं तिथल्या तिथं. लहानपणी मी रंगपटात जाऊन बसायचो. लाकडी पेटीवर बसून एक जण भुवई काढतोय, दुसरा बिडी ओढत विचारतोय, "आज मी मरणार की पळणार?" आरशात बघतच मालक म्हणाला, "पळ. उद्या परत लागशील."

रात्री त्या राक्षसानं पळायच्या आधी राजाबरोबर असा वाद घातला की राजाचाच घाम निघाला. पेटीवाला आणि पखवाजवाला नटाच्या तोंडाकडं बघत बसलेले, वाक्य कुठं टेकतंय बघून थाप. ते चुकले तर सगळंच चुकलं. संकासूर तर आला की पुढं बसलेल्या कुणाचीही फिरकी घेतो, गावात सकाळी काय झालं ते त्याला रात्री ठाऊक. आमच्या पोलीस पाटलांची म्हैस एकदा देवळाच्या आवारात शिरली, तर ती त्या रात्री इंद्राच्या दरबारात आली.

आणि वग? गण-गौळण झाल्यावर बतावणीत सोंगाड्या काय बोलणार हे कुणी लिहून देत होतं काय?

---

चित्ररथवाला | सोमवार, दुपारी २:०२

"आज मी मरणार की पळणार?" हे वाक्य मी मालिकेच्या सेटवर रोज विचारायचो. उत्तर देणारं कुणी नव्हतं, एवढाच फरक.

---

रंगकामगार | सोमवार, रात्री ९:४५

कौतुक चाललं आहे, थोडं मीठ टाकतो. टिळकवाडीत राहतो, हौशी रंगभूमीवर तीस-पस्तीस वर्षं काढली, प्रकाशयोजनेपासून पडदा ओढण्यापर्यंत.

विष्णुदास भाव्यांच्या नाटकात हेच होतं. कर्नाटकातल्या भागवत मंडळींचे खेळ बघून सांगलीत त्यांनी १८४३ साली 'सीतास्वयंवर' केलं. पदं सूत्रधारानं म्हणायची, मधलं गद्य नटांनी आपल्या मनानं. त्यातून पुढं राक्षसांची आरडाओरड नुसती. मग एक माणूस आला, ज्यानं गद्य आणि पद्य दोन्ही लिहून नटाच्याच तोंडी दिलं, आणि १८८० साली पुण्यात 'शाकुंतल' उभं राहिलं. अण्णासाहेब किर्लोस्कर. जन्म गुर्लहोसूरचा, आपल्याच बेळगाव जिल्ह्यातला, काही काळ बेळगावात नोकरीही केली. म्हणजे आमच्या जिल्ह्यातल्या माणसानं नटाला लिहिलेला शब्द दिला, आणि आमच्याच जिल्ह्यातले तुम्ही तो परत करायला निघालात.

मला भीती आहे ती आळसाची. तालीम नको, पाठांतर नको, लेखकाला मानधन नको. चार पोरं उभी राहतात, एकमेकांना हसतात आणि त्याला प्रयोग म्हणतात. मी तुमचा एक प्रयोग बघितला आहे. मधली वीस मिनिटं वाईट होती.

---

चित्ररथवाला | सोमवार, रात्री ११:३०

वीस नाही, पंचवीस. मी आत होतो, मला जास्त लांब वाटली.

त्या दिवशी काय झालं सांगतो. मी म्हटलं, "डॉक्टर, माझा गुडघा." जोडीदार म्हणाला, "मी डॉक्टर नाही, मी तुझा मेहुणा." ठीक. मी म्हटलं, "मेहुणे, मग गुडघा बघा." तो म्हणाला, "तुला गुडघाच नाही." लोक हसले. एकदा हसले म्हणून त्यानं तेच धरलं. मी जे आणीन ते तो पाडणार. हशा चार वेळा आला, मग संपला, आणि आमच्या दोघांकडं उभं राहायला जमीनच नव्हती. समोरच्याला 'नाही' म्हणून मिळवलेला हशा उसनवारीचा असतो. तालीम लागते ती याचीच, रावसाहेब. आम्ही आठवड्यातून दोनदा जमतो, संवाद पाठ करायला नाही, ऐकायला शिकायला. नट ऐकत नाही, आपली पाळी कधी येते याची वाट बघतो. मी नऊ वर्षं तेच केलं.

किर्लोस्करांचा मुद्दा मान्य, पुरता मान्य. लिहिलेलं चांगलं नाटक मिळालं तर मी आजही सगळं सोडून येतो. मिळत नाही, हे दुखणं.

१८४३ वरून एक गंमत. भाव्यांचा खेळ त्या सालचा, किर्लोस्करांचा जन्म त्याच सालचा, आणि इंग्लंडात नाटकांची संहिता सरकारी अधिकाऱ्याकडून आधी मंजूर करून घ्यायचा कायदा पुन्हा पक्का झाला तोही १८४३ साली. तो उठला १९६८ मध्ये. तोवर जॉनस्टनच्या मंडळींना ऐनवेळचा खेळ उघडपणे करता येईना, कारण मंजुरीला पाठवणार काय? मग ते 'सप्रयोग व्याख्यान' म्हणून करायचे. मला हे वाचून रडू यायचं बाकी होतं. आम्ही हॉल मागायला जातो तर खिडकीतून हात बाहेर येतो: "संहितेची प्रत?" एकदा आमच्यातल्या एकीनं कोरे आठ कागद टाचणी लावून दिले. वर शिक्का बसला.

---

हौद्री | मंगळवार, सकाळी ८:१५

नमस्कार. मी गोकाकचा, घरात कन्नड, माझं मराठी बाजारातलं. चुकलं तर सांभाळून घ्या.

आमच्याकडचं पण सांगायला पाहिजे. श्रीकृष्ण पारिजात, कुलगोडच्या तम्मण्णांनी रूप दिलेलं. रात्रभर चालतो खेळ. पदं पक्की, खरं मध्ये भागवत आणि दूती यांची जी थट्टा चालते ती त्या गावाची, त्या रात्रीची. कौजलगीच्या निंगम्मांनी बाई असून कंपनी चालवली, त्यांचं नाव आमची आजी अजून घेते. बैलहोंगलचं संग्या-बाळ्याचं लोकनाट्य तर आमच्याकडं सगळ्यांना ठाऊक.

आणि पोटापुरतं काम करणाऱ्या नटाची गोष्ट निघाली म्हणून येणगी बाळप्पा. सौंदत्ती तालुक्यातले, शेतकऱ्याचं पोर. गायले, नाचले, नट झाले, मालक झाले, 'कलावैभव' कंपनी घेऊन गावोगाव हिंडले, बसवण्णांची भूमिका करून देव झाले. २०१७ च्या ऑगस्टमध्ये गेले, शंभरी ओलांडून. कंपनी नाटकात नट म्हणजे फक्त नट नव्हता. दुपारी तंबू ताणणारा, संध्याकाळी तिकिटावर बसणारा, रात्री राजा. बदामीजवळ बनशंकरीच्या जत्रेत अजून कंपन्या लागतात, जाऊन बघा.

तुमचा नियम, मानायचं आणि भर घालायची, तो आमच्याकडं रोजचा आहे. कुणी काही सांगायला लागला की आम्ही म्हणतो, "हौद? मत्त?" हो का, आणि पुढं? एवढं म्हटलं की सांगणारा थांबतच नाही.

---

चित्ररथवाला | मंगळवार, सकाळी ८:४०

हौद्री, तुम्ही माझी नऊ वर्षांची फी वाचवली असती. "हौद? मत्त?" उद्यापासून आमच्या कार्यशाळेच्या फळ्यावर हेच.

---

शहापूरची_आत्या | मंगळवार, दुपारी ४:१०

मी तुमच्या मागच्या दिवाळीच्या प्रयोगाला होते. त्यात कुणीतरी ओरडलं होतं ना 'बॉर्डर'? तो प्रसंग इथं लिहा की. आमच्या घरी अजून त्यावर बोलणं होतं.

---

चित्ररथवाला | मंगळवार, रात्री १०:२०

आत्या, लिहितो. लिहिल्यावर निम्मं जाईल, तरीही.

आमचा प्रघात असा, प्रेक्षकांकडून एक शब्द. त्या दिवशी सभागृहात दोन्हीकडचे लोक, पुढच्या रांगेत एक निवृत्त हवालदारसाहेब. मागून एका पोरानं आवाज दिला, "बॉर्डर!" हशा नाही, टाळी नाही. पंखा ऐकू येत होता. बेळगावात हा शब्द मोठ्यानं म्हटला की प्रत्येक जण शेजारच्याकडं न बघता शेजारच्याकडं बघतो. १९५६ पासूनचं दुखणं, खटला २००४ पासून सुप्रीम कोर्टात. त्यावर आम्ही पाच मिनिटांत काय बोलणार? नको म्हणायचा हक्क असतो. खरं नको म्हटलं असतं तर लोक तो शब्द घेऊनच घरी गेले असते.

माझी जोडीदारीण वडगावची, घरात माग होता. ती सरळ खाली बसली, पाय खड्ड्यात सोडल्यासारखे केले आणि धोटा फेकायला लागली. डावा हात, उजवा हात, पाय खाली, खट्. हातात काही नव्हतं तरी मागाचा आवाज तोंडानं काढत होती. मला कळलं, बॉर्डर म्हणजे काठ. शहापुरी लुगड्याचा.

मी पदर घेतला, गिऱ्हाईक झालो. "काय अक्का, झालं काय माझं लुगडं?"

ती कन्नडात म्हणाली, "सीरे आगेद, दडी आगिल्ला." लुगडं झालंय, काठ झाला नाही.

"काठाचं काय अडलंय?"

"माप मिळंना. तुमची सासू म्हणते चार बोटं, तुमची नणंद म्हणते वीतभर. दोघी येऊन रोज दोन्हीकडून ओढूलाय."

"मग तू काय करूलीस?"

"मी काय करू? धोटा फेकूलोय." खट्. "सत्तर वर्षं झाली माप घेऊलोय, काठ काय लागंना."

तिथं पहिला हशा आला, आणि तो हवालदारसाहेबांचा होता. मग सगळं सभागृह. मी विचारलं, "अगं मग तोवर मी नेसू काय?" ती मान वर न करता म्हणाली, "नेसलाईस की. सत्तर वर्षं हेच नेसून बाजाराला जाऊलास, दिसत न्हाई काय?" मी खाली बघितलं, पदर चाचपला. इथं मला खरोखर काही सुचलं नाही, आणि ते बरं झालं. दिवा बंद झाला.

---

शहापूरची_आत्या | मंगळवार, रात्री १०:४१

तुम्ही पदर उजव्या खांद्यावर घेतला होता, तेवढं चुकलं.

---

ओपीडी_नंबर_चार | बुधवार, दुपारी ३:००

वरच्या लेखात 'पोट धरून आडवा पडलो' आहे, त्याबद्दल. मी शिकवणारा डॉक्टर. नटाला रुग्ण करून विद्यार्थ्यांसमोर बसवायची पद्धत हॉवर्ड बॅरोज या मेंदूविकारतज्ज्ञानं १९६३ साली लॉस एंजेलिसमध्ये सुरू केली. सुरुवातीला लोकांनी चेष्टा केली, म्हणे डॉक्टरकीत सिनेमा आणला. आज जगभर परीक्षांत वापरतात, कारण खरा रुग्ण वीस वेळा तीच कळ तशीच देऊ शकत नाही आणि दहाव्या पोरानं पोट दाबल्यावर त्यानं दाबूही देऊ नये. चित्ररथवाला, तुम्हाला काय शिकवतात ते सांगाल का? आमच्या पोरांनी वाचायला पाहिजे.

---

चित्ररथवाला | बुधवार, रात्री ९:३०

डॉक्टरसाहेब, मालिकेत कुणी एवढी तालीम घेतली नव्हती.

मला दोन पानांचा कागद मिळतो. मी खानापूरकडचा शेतकरी, वय माझंच. दुखणं काल रात्री बेंबीभोवती सुरू झालं, सकाळी उजवीकडं खाली सरकलं. भूक नाही, एकदा उलटी. दाबलं तर दुखतं, दाबलेला हात पटकन काढला तर जास्त दुखतं. ही जागा चुकवून चालत नाही, तिथं सगळी परीक्षा आहे. आणि एक नियम: विचारलं तरच सांगायचं. मी आत येतो तो थोडा उजवीकडं वाकून, हे बघितलं तर पोराला अर्धं उत्तर मिळालं. बघतच नाहीत, कागद भरत असतात.

शिवाय एक झाकलेली गोष्ट असते: गावातल्या कुणीतरी दिलेली गोळी खाल्ली आहे आणि ते सांगायची लाज वाटते. "आणखी काही औषध घेतलंत का?" असं सरळ विचारलं तर मी "न्हाई" म्हणतो. खुर्ची जरा पुढं ओढून, माझ्याकडं बघून विचारलं, की सांगतो. वीसात पाच-सहा जण खुर्ची ओढतात.

कागदात नसलेलं विचारतात तेव्हा इम्प्रोव्ह कामाला येतं. एकीनं विचारलं, "तुम्ही इथं पडलात तर घरी म्हशींची धार कोण काढणार?" मला म्हशी आहेत हे मलाच माहीत नव्हतं. म्हटलं, "धाकटी भावजय, खरं तिला एक म्हैस जवळ येऊ देत न्हाई." मग ती म्हैस उरलेल्या सगळ्यांसाठी ठेवावी लागली. परगावची पोरं, त्यांना 'कळ मारूलाय' म्हणजे काय ते कळत नाही, कन्नडात सांगितलं तरी कळत नाही. तिथंच ती शिकतात.

---

निपाणीची_नात | बुधवार, रात्री १०:१५

हे सगळं वाचून बारावीतली लेक म्हणते, मलाही हेच करायचं. काय सांगू तिला? खरंच विचारते (तुमचं 'खरं' नाही, आमचं. अर्थात निपाणीत दोन्ही चालतात).

---

चित्ररथवाला | बुधवार, रात्री ११:००

ताई, अडवू नका आणि ढकलूही नका. दोन-तीन गोष्टी मात्र पाहिजेत. सहा महिन्यांचं भाडं हाताशी असल्याशिवाय अंधेरीला जाऊ देऊ नका. ऑडिशनसाठी किंवा 'कार्डासाठी' आधी पैसे मागणारा भेटला तर तिथून उठायचं, चहासुद्धा प्यायचा नाही. मोटार चालवणं, पोहणं, एखादं वाद्य, काहीही येत असलेलं बरं. माझं एक आख्खं काम मला बैलगाडी हाकता येते म्हणून मिळालं. आणि कन्नड नीट शिकू द्या. मराठी, कन्नड, हिंदी, थोडं इंग्रजी, या चारांवर डबिंगला जेवढी कामं आली तेवढी चेहऱ्यावर कधी आली नाहीत. आपल्याकडची पोरं हे ओझं समजतात. मीही समजायचो, ऑडिशनला 'खरं' गिळून 'पण' म्हणायचा सराव बाथरूममध्ये केलाय.

तिला म्हणावं शनिवारी ये तालमीला, बस स्टँडपासून चालत दहा मिनिटं. आईला घेऊन आली तर आईलाही उभं करू.

---

रंगकामगार | बुधवार, रात्री ११:२०

शनिवारी मीही येईन म्हणतो. खुर्ची लागेल, गुडघा आहे. मेहुण्याला विचारून ठेवा.

---

शहापूरची_आत्या | बुधवार, रात्री ११:२४

आणि यंदा चित्ररथावर चढणार की नाही? मंडळवाले विचारत होते, पेटारा अजून माळ्यावर आहे म्हणे.

---

चित्ररथवाला | बुधवार, रात्री ११:३५

चढणार, आत्या. पहारेकऱ्याला आता खरीच साखर निघालीय, तेवढा संवाद बदलायला नको. रंगकामगारसाहेब, खुर्ची ठेवतो.

आता झोपतो. उद्या साडेआठपासून मला अपेंडिक्स आहे, वीस जणांसमोर, आणि ती म्हैस कुणाची ते परत आठवायला पाहिजे.